घरच्या घरी फळांची व्होडका मार्टिनी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बारमध्ये फळांची मार्टिनी मागवली की बहुतेक ठिकाणी बाटलीतलं रंगीत सिरप, थोडी व्होडका आणि वर चेरी एवढंच हाती येतं. महाराष्ट्रात राहणाऱ्या माणसाने यावर समाधान मानावं हे मला पटत नाही. डिसेंबरपासून स्ट्रॉबेरी, एप्रिल-मेमध्ये पायरी आणि हापूस, पाऊस सुरू होताना जांभळं, थंडीत पेरू आणि वर्षभर कोकम, एवढं सगळं आपल्या दारात असतं. खरं पिकलेलं फळ, ताजं लिंबू आणि भरपूर बर्फ असेल, तर घरच्या ग्लासातलं पेय त्या सिरपच्या पेयापेक्षा निश्चितच सरस होतं. खाली उत्तरं दिली आहेत ती याच भरवशावर.

फळांची मार्टिनी म्हणजे नेमकं काय?

मूळची मार्टिनी जिन आणि व्हर्मूथ (वनौषधींचा स्वाद दिलेली वाइन) यांची. ती एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेत रुजली. विसाव्या शतकाच्या मध्यावर जिनच्या जागी व्होडका घालायची पद्धत पडली. फळांची मार्टिनी त्यानंतरची. १९९० च्या दशकात वेस्ट हॉलिवूडमधल्या लोलाज या रेस्टॉरंटात सफरचंदाची मार्टिनी लोकप्रिय झाली, आणि पुढच्या दशकात लंडनमध्ये डग्लस आंक्रा यांनी व्हॅनिला, व्होडका आणि पॅशनफ्रूट एकत्र आणून असंच एक पेय जगभर पोहोचवलं.

फळांच्या मार्टिनीत व्हर्मूथ नसतं, त्यामुळे जुन्या वळणाची माणसं याला मार्टिनी म्हणायला तयार नसतात. त्यांचं म्हणणं चुकीचं नाही. बांधणीने पाहिलं तर हे 'सावर' घराण्यातलं पेय आहे: दारू, आंबट, गोड. त्यात फळाची भर घातली, थंडगार करून दांड्याच्या ग्लासात बर्फाशिवाय दिलं की झाली फळांची मार्टिनी. हे घराणं एकदा ओळखलं की प्रत्येक फळासाठी वेगळी कृती पाठ करावी लागत नाही.

एका ग्लासाचं प्रमाण काय धरायचं?

व्होडका ६० मिली, फळाचा रस किंवा पातळ केलेला गर ३० मिली, लिंबाचा रस १५ मिली, साखरेचा पाक १५ मिली. एवढंच. हे सगळं मिळून १२० मिली होतं. बर्फाबरोबर हलवताना साधारण ३० मिली पाणी त्यात उतरतं आणि ग्लासात १५० मिलीच्या आसपास पेय पडतं.

हे प्रमाण फक्त सुरुवातीचं आहे. फळ आंबट असेल तर लिंबू कमी करा, गोड असेल तर पाक कमी करा. चव मात्र दोनदा घ्या: एकदा नुसतं मिसळल्यावर आणि एकदा थंड झाल्यावर. थंडीत गोडवा कमी जाणवतो, म्हणून बर्फ घालण्याआधी मिश्रण थोडंसं जास्त गोड लागलं तर घाबरू नका.

व्होडका कोणती घ्यावी?

साधी, बिनवासाची. इथे फळ बोलणार आहे, व्होडकाने मागे राहायचं आहे. धान्यापासून केलेली मध्यम किमतीची भारतीय व्होडका या कामाला पुरते. खूप महागडी बाटली लिंबू-आंब्यात मिसळून तिचा बारीक फरक जिभेला कळत नाही. खूप स्वस्त बाटली घशात जळते आणि ती जळजळ झाकायला आपण साखर वाढवत बसतो, तेही नको.

सफरचंद, संत्रं, रासबेरी अशा स्वादाच्या व्होडका दुकानात मिळतात. ताजं फळ वापरणार असाल तर त्या घेऊ नका. बाटलीतला कृत्रिम वास ताज्या फळाच्या वासावर चढून बसतो.

लेबल नीट वाचा. भारतात तयार होणाऱ्या बहुतेक व्होडकात अल्कोहोल ४२.८ टक्के असतं, आयात केलेल्यांत बहुधा ४०. चवीत हा फरक फार कळत नाही, पण पेगांचा हिशोब करताना तो लक्षात हवा.

आणि बाटली परवानाधारक दुकानातूनच, सीलबंद घ्या. कोणी 'डिफेन्सचा माल' म्हणून सुटी किंवा स्वस्त दारू आणून दिली तर ती घेऊ नका. २०१५ च्या जूनमध्ये मालाडच्या मालवणी भागात विषारी दारूने शंभराहून अधिक माणसं दगावली, ती मिथेनॉलमुळे. मिथेनॉल चवीने किंवा वासाने ओळखता येत नाही.

माझ्याकडे शेकर नाही. काय वापरू?

घट्ट फिरकीच्या झाकणाचा स्टीलचा डबा, किंवा लोणच्याची रुंद तोंडाची रिकामी बरणी. प्रोटीन पावडरची बाटलीही चालते, मात्र तिला आधीच्या पावडरचा वास नसावा. स्टील सगळ्यात चांगलं, कारण ते लगेच थंड होतं आणि बाहेर दव जमलं की आतलं पेय तयार झालं हे हाताला समजतं. काचेची बरणी असेल तर कापडात गुंडाळून धरा. बर्फ घालण्याआधी डबा अर्ध्याहून जास्त रिकामा हवा, नाहीतर बर्फाला जागा उरत नाही.

गाळायला चहाची गाळणी उत्तम. फक्त ती चहाची रोजची नको, वेगळी ठेवा. मापायला वाइन शॉपजवळच्या दुकानात मिळणारं ३० आणि ६० मिलीचं पेग मेजर घ्या. ते नसेल तर पोह्याचा चमचा १० ते १५ मिलीचा असतो असं धरून चालू नका, घरोघरी तो वेगळा भरतो. औषधाच्या बाटलीबरोबर येणारं मापाचं झाकण जास्त खात्रीचं.

मार्टिनीचा तो उलट्या शंकूचा ग्लास नसला तरी बिघडत नाही. तो पटकन सांडतो आणि धुताना फुटतो. दांड्याचा कुठलाही लहान ग्लास घ्या, आइस्क्रीमचा काचेचा कपही चालेल. दांडा हवा, म्हणजे हाताच्या उबेने पेय लवकर तापत नाही. ग्लास अर्धा तास फ्रीजरमध्ये ठेवायचं मात्र चुकवू नका.

बर्फाचं एवढं महत्त्व का?

कारण पेयाचा पाचवा हिस्सा बर्फाचं वितळलेलं पाणीच असतं. पाण्याला जो वास, तोच पेयाला. फ्रीजरमध्ये सुरमई आणि आल्या-लसणाची पेस्ट ठेवलेली असेल तर ट्रेमधला बर्फ तो वास उचलतो. बर्फ झाकणाच्या डब्यात जमवा, पिण्याच्या पाण्याचाच जमवा, आणि पार्टीच्या आदल्या दिवशी ताजा जमवा.

डबा बर्फाने शिगोशीग भरा. कमी बर्फ घातला की पेय पाणचट होणार नाही असं वाटतं, पण घडतं उलटंच. दोन-तीन खडे लगेच वितळतात, पाणी सुटतं आणि थंडावाही येत नाही. भरपूर बर्फ असेल तर थोड्याशा वितळण्यात पेय शून्याच्याही खाली जातं.

बाहेरून बर्फ आणत असाल तर तो खाण्याचा आहे का हे विचारा. मासे किंवा औषधं थंड ठेवण्यासाठी केलेल्या बर्फात निळा रंग टाकण्याचा नियम महाराष्ट्रात २०१८ पासून आहे. निळसर लादी दिसली तर ती पिण्याच्या कामाची नाही.

हलवायचं की ढवळायचं? आणि किती वेळ?

फळ आणि लिंबू असलं की हलवायचंच. नुसत्या दारूची मार्टिनी ढवळतात, कारण ती नितळ दिसावी लागते. फळाचा गर ढवळून व्होडकात एकजीव होत नाही, तो तळाला बसतो.

डबा दोन्ही हातांनी धरा, खांद्याजवळ आणा आणि १२ ते १५ सेकंद जोरात हलवा. नाजूकपणा नको. पंधरा सेकंदांनंतर आतलं मिश्रण आणि बर्फ एकाच थंडीवर येतात, पुढे हलवून विशेष काही मिळत नाही. झाकण उघडताना थोडं अडतं, कारण आतली हवा गार होऊन आकसलेली असते. झाकण कडेने थोपटलं की सुटतं. मग लगेच गाळणीतून ग्लासात.

पाक कसा करायचा? एकतारी का?

नाही, एकतारी पाक यासाठी फार घट्ट. वजनाने साखर आणि पाणी समान घ्या, साखर विरघळेपर्यंत गरम करा आणि उतरवा. उकळत ठेवायचा नाही, तार बघायची नाही. गार झाला की बाटलीत भरून फ्रीजमध्ये ठेवा, दोन आठवडे सहज टिकतो. धागे किंवा ढगाळपणा दिसला तर ओतून द्या.

साखर थेट डब्यात टाकू नका. थंड आणि दारूच्या मिश्रणात ती विरघळत नाही, शेवटच्या घोटात तोंडात कचकचते.

इथे थोडी हौस करता येते. पाक गरम असतानाच त्यात संत्र्याच्या सालीचे पातळ तुकडे टाका, आतलं पांढरं शक्यतो नको. गार झाल्यावर गाळा. परदेशी संत्र्याच्या लिकरची (गोड, स्वादाच्या दारूची) बाटली घेण्याची गरज बऱ्याच अंशी यात भागते, आणि स्ट्रॉबेरीबरोबर हा पाक फार छान जमतो.

लिंबाऐवजी बाटलीतला रस चालेल?

नाही. या एका बाबतीत मी तडजोड सुचवणार नाही. बाटलीतल्या रसाला शिजल्यासारखी चव असते आणि ती थंडीतही लपत नाही. आपलं कागदी लिंबू बारा महिने मिळतं, त्यातून साधारण १५ ते २० मिली रस निघतो. एका ग्लासाला एक लिंबू, एवढा सोपा हिशोब. उन्हाळ्यात लिंबू महागतं तेव्हा कोकमाची किंवा कैरीची मार्टिनी करा, खाली दोन्ही दिल्या आहेत.

रस काढताना साल चिरडू नका. आपल्या लिंबाची साल पातळ आणि कडू असते, म्हणून ग्लासात सालीची चकती सोडायची तर संत्र्याची घ्या.

पहिल्यांदा करतोय. कोणत्या फळापासून सुरुवात करू?

स्ट्रॉबेरी. चुकायला जागा कमी, रंग सुंदर आणि लिंबाशी तिचं चांगलं जुळतं. महाबळेश्वर-पाचगणीची स्ट्रॉबेरी साधारण डिसेंबरपासून बाजारात येते. सुरुवातीची फळं दिसायला देखणी पण आंबूस असतात, फेब्रुवारीतली जास्त गोड.

पाच-सहा मध्यम फळं घ्या, देठ काढा, चिरा आणि १५ मिली पाकात वीस मिनिटं भिजू द्या. मग डब्याच्या तळाशीच लाकडी रवीच्या टोकाने किंवा खलबत्त्यातल्या दांड्याने चेचा. त्यावर ६० मिली व्होडका, २० मिली लिंबू, बर्फ. हलवून गाळणीतून गाळा, चमच्याने दाबून. बिया गाळणीत राहिल्या पाहिजेत. मिक्सर वापरू नका, बिया फुटल्या की चव तुरट होते आणि फेस राखाडी दिसतो.

फळ देठाजवळ पांढरं किंवा हिरवट असेल तर त्यात वास नसतो. लाल रंग देठापर्यंत गेलेली फळं निवडा. थोडी मऊ पडलेली, खायला नकोशी वाटणारी स्ट्रॉबेरी या पेयात सर्वात चांगली लागते.

आंब्याची मार्टिनी लापशीसारखी घट्ट होते. काय चुकतं?

हापूसचा गर जसाच्या तसा घातला की हेच होतं. हापूस दाट, गोड आणि जवळजवळ आंबटपणाशिवायचा. तो खाण्यासाठी आहे, आणि चांगली देवगड-रत्नागिरीची पेटी हाती असेल तर ती खाऊनच संपवावी असं माझं मत आहे.

मार्टिनीसाठी पायरी घ्या. आपल्या आज्या आमरसासाठी पायरी शोधायच्या त्याचं कारण तेच: रस जास्त, पातळ, आणि गोडाच्या मागून येणारा आंबूसपणा. ४० मिली पायरीचा रस गाळून घ्या, ६० मिली व्होडका, २० मिली लिंबू, पाक अगदी ५ मिली किंवा नाहीच. वेलदोड्याची पूड चिमटीच्या टोकावर मावेल एवढीच. केशर नको, दूध किंवा मलई तर अजिबातच नको, लिंबाने ती फाटते.

हापूसच वापरायचा असेल तर ३० मिली गरात १५ मिली गार पाणी मिसळून आधी पातळ करा, लिंबू २५ मिलीपर्यंत न्या आणि पाक पूर्ण वगळा. डब्यातला गर वापरत असाल तर लेबल पाहा, त्यात साखर आधीच घातलेली असते.

जांभळाचं जमतं का?

जमतं, आणि माझ्या मते महाराष्ट्रात करता येणारी ही सगळ्यात चांगली फळांची मार्टिनी आहे. बदलापूर आणि पालघरमधल्या बहाडोलीच्या जांभळांना भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे. पावसाच्या तोंडाशी जेमतेम काही आठवडे ती मिळतात, तेवढ्यात करून घ्यायची.

पिकलेली, पूर्ण काळी जांभळं हाताने कुस्करून बिया काढा. गर पुरणाच्या चाळणीवर घासून घ्या म्हणजे साल मागे राहते आणि रंग खाली उतरतो. ४५ मिली गर, ६० मिली व्होडका, १० मिली लिंबू, २० मिली पाक आणि दोन चिमटी मीठ. मीठ विसरू नका. जांभळाचा तुरटपणा जिभेला ओढून धरतो, मीठ तो सैल करतं. लिंबू पडलं की जांभळा रंग लालसर होतो, ते बिघाडाचं लक्षण नाही, त्या रंगद्रव्याचा स्वभावच तसा आहे.

ग्लासाची कड लिंबाने ओली करून काळं मीठ आणि किंचित लाल तिखटात टेकवा. अर्धीच कड, म्हणजे ज्याला नको तो दुसऱ्या बाजूने पिईल. फिकट कपडे घालून जांभळं कुस्करू नका.

जांभळाचा गर झाकणाच्या डब्यात फ्रीजरमध्ये काही महिने चांगला राहतो. हंगामात थोडा जास्त काढून ठेवला की दिवाळीतही हे पेय करता येतं.

कोकमाचं आगळ घ्यायचं की अमृत कोकम?

दोन्हींचं काम वेगळं. अमृत कोकम म्हणजे साखरेत मुरवलेला गोड अर्क, आगळ म्हणजे मीठ घातलेला आंबट अर्क. आगळ ३० मिली ओतलंत तर पेय समुद्राच्या पाण्यासारखं लागेल.

घ्या ३० मिली अमृत कोकम, ६० मिली व्होडका, ३० मिली गार पाणी आणि एक छोटा चमचा आगळ. पाक नको, लिंबू नको, कोकमात आंबटपणा पुरेसा असतो. भाजलेल्या जिऱ्याची चिमूटभर पूड. गोव्यात, सिंधुदुर्गात ज्यांच्या घरी ताजं आगळ असतं त्यांना हे पेय पाच मिनिटांचं काम आहे. रंग असा येतो की सजावटीला काही लागत नाही.

पेरूची मार्टिनी तिखट का करतात?

गाडीवरचा पेरू तिखट-मीठ लावून खाणाऱ्याला हे वेगळं सांगायला नको. आतून गुलाबी असलेला पेरू घ्या, हातात दाबला जाईल इतका पिकलेला. थोड्या पाण्यात मिक्सरमधून अलगद फिरवा, गाळा. ४० मिली गर, ६० मिली व्होडका, २० मिली लिंबू, १५ मिली पाक. हिरव्या मिरचीची एक उभी फाक बिया काढून डब्यात टाका आणि बर्फाबरोबर हलवा. गाळताना ती मागे राहते, तिखटाचा वास तेवढा पेयात उतरतो. जास्त तिखट हवं असेल तर मिरची न वाढवता ती व्होडकात दहा मिनिटं आधी भिजवा.

उन्हाळ्यात कैरीचं काही?

पन्हं. उकडलेल्या कैरीच्या गरात गूळ, वेलदोडा आणि मीठ घालून नेहमी जो अर्क करता, तोच पाणी न घालता ४५ मिली घ्या, ६० मिली व्होडका आणि ३० मिली पाणी. लिंबू-पाक दोन्हीची गरज नाही. गुळामुळे रंग मातकट येतो, चव मात्र खोल येते. मला साखरेपेक्षा गुळाचंच आवडतं.

संत्र्याचा रस थोड्या वेळाने कडू का होतो?

नागपुरी संत्रं आणि मोसंबी दोघांच्या रसात लिमोनिन नावाचा कडवटपणा हळूहळू तयार होतो. ताजा रस गोड लागतो, तासा-दोन तासांनी तोच कडवट. बिया मिक्सरमध्ये फुटल्या तर आणखी लवकर. म्हणून संत्र्याचा रस पाहुणे आल्यावर काढा, हाताने पिळा आणि लगेच वापरा. संत्र्याला लिंबू २० मिली हवंच, नाहीतर पेय सपक लागतं.

टेट्रापॅकमधला ज्यूस का नको?

त्यात साखर आधीच असते आणि फळाचा वास उडालेला असतो. अडचणीत अननसाचा चालतो, कारण तो हलवल्यावर फेस छान देतो. बाकी नको. लिची हा अपवाद: डब्यातली लिची चांगली टिकते, तिच्याच पाकाचा उपयोग होतो.

चिकू, सीताफळ, कलिंगड?

चिकू आणि सीताफळाला आंबटपणा जवळजवळ नाही, आणि लिंबू घातलं की दोन्हींची मूळ चव हरवते. ती फळं अशीच खा. कलिंगडात पाणी फार, बर्फाने आणखी पातळ होतं. द्राक्षांत नाशिकची काळी जास्त बरी, हिरव्यांचा स्वाद व्होडकात विरून जातो. डाळिंबाचे दाणे मिक्सरमध्ये क्षणभरच फिरवा, बी चिरडली की रस कडवट होतो.

बारसारखा पांढरा फेस कसा आणायचा?

अननसाचा १५ मिली रस घाला, बहुतेक वेळा तेवढ्याने काम होतं. बारमध्ये अंड्याचा पांढरा बलक घालतात. शाकाहारी घरात छोले शिजवलेलं दाट पाणी २० मिली घ्या, त्यात मीठ-सोडा घातलेला नसावा. आधी बर्फाशिवाय दहा सेकंद हलवा, मग बर्फ घालून पुन्हा. छोल्यांचा वास येत नाही.

चव बिघडली तर दुरुस्त कशी करू?

फार गोड झालं तर ५ मिली लिंबू घाला. फार आंबट असेल तर ५ मिली पाक. दोन्ही ठीक असूनही काहीतरी कमी वाटलं तर ते बहुधा मीठ असतं, एक चिमूट घालून बघा. व्होडका टोचत असेल तर ती कमी करू नका, फळ वाढवा आणि पुन्हा थंड करा, बरेचदा पेय पुरेसं गार नसतं म्हणून दारू जाणवते. पाणचट झालेल्या पेयाला मात्र उपाय नाही. ते उंच ग्लासात बर्फ आणि सोड्याबरोबर घ्या.

फळ व्होडकात मुरवून ठेवलं तर?

चांगला मार्ग आहे, विशेषतः हंगाम संपत आला असेल तेव्हा. स्ट्रॉबेरी दोन-तीन दिवस, अननस चार दिवस, संत्र्याची साल एक दिवस. फळ व्होडकात पूर्ण बुडलेलं हवं, वर तरंगणाऱ्या तुकड्यांना बुरशी येते. बरणी फ्रीजमध्ये ठेवा, रोज चाखा, चव उतरली की गाळून फळ काढून टाका. जास्त दिवस ठेवून जास्त चव येत नाही, कडवटपणा येतो. आंबा मुरवू नका, व्होडका गढूळ होते आणि हाती फार काही लागत नाही.

आठ जण येणार आहेत. आधी करून ठेवता येईल?

येईल. व्होडका ४८० मिली, फळाचा गाळलेला रस २४० मिली, लिंबू १२० मिली, पाक १२० मिली. हलवताना जे पाणी उतरलं असतं ते आता आपण घालायचं: २४० मिली. सगळं जगमध्ये मिसळून झाकून फ्रीजमध्ये चार तास, शेवटचा अर्धा तास फ्रीजरमध्ये. लिंबाचा रस त्याच दिवशीचा हवा. ओतण्याआधी ढवळा, गर खाली बसलेला असतो.

फेस हवा असेल तर पाणी घालू नका, आणि दोन-दोन ग्लासांचं मिश्रण बर्फाबरोबर हलवून द्या. आठ जणांसाठी हे दमवणारं आहे, पण ज्याच्या त्याच्या समोर डबा हलला की लोकांना मजा येते.

ही किती चढते?

चवीवरून वाटतं त्यापेक्षा बरीच जास्त, आणि हा या पानावरचा सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न आहे. ४२.८ टक्क्यांच्या ६० मिली व्होडकात सुमारे २० ग्रॅम शुद्ध अल्कोहोल असतं. म्हणजे १० ग्रॅमचं एक प्रमाणित माप (स्टँडर्ड ड्रिंक) धरलं तर एका ग्लासात दोन मापं. तयार पेयाची तीव्रता १७ टक्क्यांच्या आसपास येते, वाइनपेक्षा जास्त. फळ आणि साखरेमुळे ती जाणवत नाही, त्यामुळे दोन ग्लास अर्ध्या तासात संपतात आणि परिणाम नंतर एकदम दिसतो.

आधी जेवा किंवा निदान पोटभर काहीतरी खा. ग्लासामागे एक ग्लास पाणी प्या. दोनच्या पुढे जाऊ नका. पाहुण्यांना ग्लासात ६० मिली व्होडका आहे हे आधी सांगा. कमी घेणाऱ्यासाठी ३० मिलीची करा, फळ तेवढंच ठेवून, चव बिघडत नाही.

गाडी चालवायची असेल तर एकही नको. रक्ताच्या १०० मिलीत ३० मिलीग्रॅम ही मोटार वाहन कायद्याची मर्यादा एका मार्टिनीनेही ओलांडली जाऊ शकते. गर्भवती असाल, यकृताचा त्रास असेल, मधुमेहाची औषधं, झोपेच्या गोळ्या किंवा मेट्रोनिडाझोलसारखं औषध चालू असेल तर घेऊ नका.

महाराष्ट्रात घरी पिण्यासाठी परवाना लागतो का?

हो. १९४९ च्या दारूबंदी कायद्यानुसार दारू विकत घ्यायला, बाळगायला आणि प्यायला परवाना लागतो, तो एक दिवसाचा, वर्षाचा किंवा आजीवन मिळतो. बिअर आणि वाइनसाठी वयाची अट २१ वर्षं, व्होडकासारख्या कडक दारूसाठी २५. वर्धा आणि गडचिरोली जिल्ह्यांत दारूबंदी आहे. पार्टीची तारीख ठरवण्याआधी ड्राय डे पाहून घ्या. आणि घरी दारू गाळण्याचा विचारही करू नका, तो गुन्हा आहे आणि जिवाशी खेळही.

मी परदेशात राहते. जांभूळ-कोकम मिळत नाही. काय करू?

भारतीय किराणा दुकानात हापूसच्या गराचे डबे मिळतात, आणि अनेक ठिकाणी सुकी कोकमंही. सुकी कोकमं कोमट पाण्यात तासभर भिजवून कुस्करा, गाळा आणि साखर मिसळा. जांभळाऐवजी ब्लॅकबेरी घ्या, चिमूटभर मीठ घालायला विसरू नका. तिथलं मोठं, बिनबियांचं हिरवं लिंबू चालतं. 'की लाइम' नावाने मिळणारं छोटं लिंबू तर आपल्या कागदी लिंबाच्याच जातीचं. पॅशनफ्रूट ताजं मिळत असेल तर जरूर करा: दोन फळांचा गर, लिंबू १० मिली, पाक २० मिली.

बरोबर खायला काय ठेवावं?

खारट आणि तेलकट. तळलेली कोळंबी, सुरमईचे रवा लावलेले तुकडे, कोथिंबीर वडी, मसाला शेंगदाणे. जांभूळ आणि कोकमाबरोबर तळलेले मासे फार छान. गोड काही नको, पेयातला आंबटपणा त्यापुढे टोचायला लागतो.

न पिणाऱ्या पाहुण्याला काय द्यावं?

हेच, व्होडकाशिवाय. फळ ६० मिली, लिंबू १५, पाक १५, पाणी ३० आणि एक चिमूट मीठ, तसंच बर्फात हलवून, तशाच गार केलेल्या ग्लासात, त्याच सजावटीसह. व्होडकाचा उग्रपणा नसल्याने पेय थोडं मऊ लागतं. तो भरून काढायला आल्याचा अर्धा चमचा रस घाला. हा डबा वेगळा ठेवा, त्यात दारूचा थेंब जायला नको, आणि हे ग्लास सगळ्यांत आधी ओता.